सुवाबाईचा हुंकार

“सात भाऊ, एक भन. भन दिली नदीपल्याड. पंचमी आली, थोरला भाऊ तिला न्याया निगाला. नदीवर आला. त्यानं हाक मारली…”

मायाक्का थांबली.

मी श्वास धरून बसले होते. कानांवर हेडफोन, मांडीवर टेपरेकॉर्डर, त्याचा लाल दिवा पेटलेला. मी जोरजोराने मान हलवली, हाताने ‘पुढे, पुढे’ असं केलं. पण तिच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. उजेडात कुणीतरी बसलंय एवढंच तिला कळायचं. माझी मान, माझा हात, माझं हसू, यातलं काही तिच्यापर्यंत पोचत नव्हतं.

ती खाकरली. गळ्यावर हात ठेवून थोडा वेळ नुसती बसली. मग पुन्हा पहिल्यापासून सुरू झाली.

“सात भाव. येका आईचं सात ल्योक, आन पाठीवर येकच लेक. लेक दिली पान्यापल्याडच्या गावाला. पंचमीला थोरला म्हनला, म्या आनतो तिला. गेला पान्याच्या काठाला. तितनं त्यानं साद घातली…”

आणि पुन्हा तिथंच थांबली.

सकाळपासूनची ही सातवी वेळ. मघाशी ‘नदी’ होती, आता ‘पानी’ झालं. त्याआधी एकदा ‘ओढा’ होता. एकदा तर तिने शब्दच सोडला आणि हवेत हात आडवा वाहता केला. मी वहीत लिहिलं, ‘स्मरण डळमळीत.’

ही एकोणनव्वद सालची गोष्ट. मी पंचवीस वर्षांची होते, पुण्यात लोककथांच्या संशोधनात मदतनीस. आमच्या सरांना एकाच गोष्टीचा ध्यास होता: एकच कथा किती मुलखांतून, किती भाषांतून, कसे कपडे बदलत हिंडते. त्यांच्या खोलीत पुठ्ठ्याचे खोके होते, खोक्यांत कार्डं. संथाळांची गोष्ट, कानडी गोष्ट, मारवाडातली, गोंडांची. प्रत्येक कार्डाला नंबर. मी निघताना सरांनी बजावलं होतं, “टेपवर सांगणारा सोडून दुसरा आवाज नको. संशोधक म्हणजे भिंत.”

मी भिंत व्हायला जत तालुक्यातल्या त्या धनगरवाडीवर आले होते. आणि वेळ थोडा होता. मायाक्काच्या गळ्यात गाठ झाली होती. सोमवारी मिरजेच्या दवाखान्यात भरती, बुधवारी ऑपरेशन. डॉक्टरांनी तिचा मुलगा बिरू याला स्पष्ट सांगितलं होतं, जीव वाचेल, आवाज वाचणार नाही. स्वरयंत्रच काढायचं. म्हातारी महिनाभर ‘नाही’ म्हणत होती. शेवटी तयार झाली ती एका अटीवर. तिला कुणीतरी सांगितलं होतं की पुण्याहून एक बाई येते आणि गोष्टी पेटीत भरून नेते.

“गोष्ट ठिवून येते,” ती म्हणाली होती, “मग घ्या गळा.”

सरांच्या कार्डाप्रमाणे मला तिच्याकडून नागाच्या लेकाची गोष्ट हवी होती. तिने ती सरळ नाकारली. “ती कुनीबी सांगंल. म्या सात भावांची सांगनार.”

तर, शनिवार. सकाळी मी पोचले तेव्हा धाब्याच्या घरासमोर, लिंबाच्या सावलीत, दोन म्हाताऱ्या घोंगड्यावर बसल्या होत्या. एक मायाक्का, उंच, हाडापेराने मोठी. दुसरी सुवाबाई, गावातल्या किराणा दुकानाच्या मालकाची आई, चिमणीएवढी, डोक्यावरून पुढे ओढलेला पदर आणि हातात तपकिरीची डबी. मी टेप सुरू केला. मायाक्काने पहिलं वाक्य उच्चारलं आणि सुवाबाई म्हणाली, “हूं.”

दुसरं वाक्य. “हूंऽ.”

मी टेप बंद केला.

“आजी, तुम्ही जरा पलीकडे बसता का? टेपमध्ये आवाज येतो.”

“मी?” सुवाबाईने पदर मागे सारला. “मी पलीकडे?”

“थोडाच वेळ. गोष्ट होईपर्यंत.”

ती माझ्याकडे, मग टेपकडे बघत राहिली. “बरं,” म्हणाली. “मशीन मोठी माणूस हाय. आपण खोकणारी म्हातारी.” उठली, डबी कनवटीला लावली आणि फाटकातून बाहेर पडून थेट गावाच्या वाटेला लागली.

“सुवा गेली व्हय?” मायाक्काने विचारलं.

“नाही, इथंच बसल्यात,” मी म्हणाले. मला काम सुरू करायचं होतं.

मग ते सात वेळा झालं. दुपारपर्यंत अकरा वेळा. दर वेळी थोरला भाऊ नदीवर यायचा, हाक मारायचा, आणि म्हातारी वाट बघितल्यासारखी थांबायची. तिचा चेहरा उतरत गेला. अकराव्या वेळी तिने ‘सात’ म्हणायच्या आधीच बोटं मोजली.

“सातच की गं? का सहा?” तिने हवेत विचारलं.

“सातच, आज्जी. सांगा ना पुढं.”

“सुवा,” ती एकदम म्हणाली. “सुवा, आगं बोल की.”

कुणीच बोललं नाही. तेव्हा मला खरं सांगावं लागलं. “त्या मघाशीच घरी गेल्या.”

माळावरून वारं येत होतं, वाघरीच्या जाळीतली मेंढरं एकमेकांना ढुशा देत होती. मग मायाक्का म्हणाली, “उठून गेली. म्हंजी तिलाबी कळलं.”

“काय कळलं?”

“माझी गोष्ट गेली, पोरी. आवाज जायाच्या आदी गोष्टच गेली.”

संध्याकाळी तिने जेवायला नकार दिला. रविवारी दुपारी बिरूने मिरजेला न्यायचं गाठोडं बांधायला घेतलं, तर तिने त्यातलं लुगडं ओढून बाहेर काढलं.

“म्या येत न्हाई.”

“आये, असं काय करतीस? डॉक्टर म्हनला, गाठ वाढायलीय. ह्यो आठवडा गेला तर पुन्यांदा विचारू नका म्हनला.”

“तवा गोष्ट हुती. ती ठिवून येनार हुते. आता काय ठिवून येऊ? गळाबी द्यायचा आन हात हालवत यायचं? तसं नगं. जाऊ दे मला हाय तशी.”

बिरू भिंतीला टेकून खाली बसला. एवढा मोठा बाप्या, अडीचशे मेंढरं वळवणारा, पण आईपुढे त्याचे हात लुळे पडले होते. त्याची बायको शालन चुलीपासून उठून माझ्यासमोर आली. कालपासून ती माझ्याशी सोडून सगळ्यांशी बोलली होती.

“बाई, यक विचारू? महिनाभर समजूत घालून घालून आमी तिला तयार केली. तुमी आलात, ती डबडी तिच्या फुडं ठिवली, आन तिचं डोस्कं रिकामं झालं. तुमच्या डबडीनं खाल्ली का हो तिची गोष्ट?”

मी टेपरेकॉर्डर उचलला आणि बाहेर पडले. एस.टी. चार वाजता होती. पळून जावं असं मनात आलं, हे खोटं कशाला सांगू? थांब्याकडे जाणारी वाट किराणा दुकानावरून जात होती.

सुवाबाई दुकानाच्या मागच्या पडवीत मिरच्यांची देठं खुडत बसली होती. मला बघून तिने पाट फिरवला आणि पाठ केली.

“आजी, माझं चुकलं.”

“कशात? आवाज आला काय माझा इथून टेपमधी?”

“आजी, मायाक्का मिरजेला जायचं नाही म्हणतात.”

तिचा हात थांबला. “काय बोलली?”

मी सगळं सांगितलं. अकरा वेळा, तीच चार वाक्यं, दर वेळी तिथंच अडकणं. म्हणाले, “त्यांना आठवत नाहीये, आजी. शब्दसुद्धा बदलतात. नदीचं पाणी होतं, पाण्याचा ओढा होतो.”

“ऐकव,” सुवाबाई म्हणाली.

“काय?”

“मशीन मोठी माणूस हाय ना? मग बोलू दे तिला.”

मी टेप लावला. पडवीत मायाक्काचा घोगरा आवाज भरला. नदी. थांबणं. ओढा. थांबणं. पाणी. थांबणं. सुवाबाई आधी कपाळाला आठ्या घालून ऐकत होती. मग ती हसायला लागली. पदर तोंडात कोंबून, खांदे हलवत, डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसली. आणि ते हसू कधी संपलं आणि रडणं कधी सुरू झालं, ते मला शेजारी बसूनसुद्धा कळलं नाही.

“येडी ती,” ती म्हणाली. “अगं ती विसरली नाही, टेपवाली. ती मला समजावते हाय.”

“तुम्हाला?”

तिने मिरच्यांचं सूप बाजूला सारलं.

“मी लगीन होऊन आले, पंधरा वर्सांची. मारवाडातल्या नागौरकडची. मराठीचा एक अक्षर येत नव्हता. सासू मेलेली, नवरा दिवसभर गल्ल्यावर, घरात बोलायला भिंत. ही धनगरीण दूध घालायला यायची. तिला माझा तोंड बघून काय वाटला कोण जाणे, ती दारात बसली आन गोष्ट सांगायला लागली. मला काय समजणार? पण आमच्या गावात बात, म्हणजे गोष्ट, सांगतात तर समोरचा माणूस हुंकार देतो. नाही दिला तर बात सांगणारा सांगतच नाही. म्हणून मी, जेवढा समजला तेवढ्याला, हूं. आन नाही समजला की गप.”

“मग?”

“मग ती मागं जायची. दुसरा शब्द घालायची. नदी नाही समजला तर पाणी. पाणी नाही समजला तर हातानं दाखवायची. मी हूं म्हणलं की फुडं. असं करून करून मी मराठी शिकले. आता पंचेचाळीस वर्सं झाली, सगळा समजते. पण रीत तीच राहिली. मी गप बसले की ती मागं जाते.” सुवाबाईने डोळे पुसले. “तू तिला सांगितलं मी तिथंच बसलीय. आन मी गप. मग बिचारी काय करंल? नदीला काय काय म्हणंल?”

पडवीत मिरच्यांचा ठसका होता. माझे डोळे चुरचुरत होते आणि मी ते पुसत नव्हते. भिंत होऊन बसलेली मी. माझ्या गप्प बसण्यानं एक बाई अकरा वेळा एकाच नदीवर परत गेली होती, आणि अकराव्या वेळी तिने गोष्टीतले भाऊ बोटांवर मोजले होते.

“चला ना, आजी.”

“मी? दारातून उठवलेली माणूस मी.” ती बोलता बोलता चपला शोधत होती. “बाजूला हो. तुझ्या मशीनला सांग, म्हातारी खोकणार. जोरात खोकणार.”

उन्हं कलताना आम्ही पोचलो. मायाक्का भिंतीकडे तोंड करून निजली होती. सुवाबाई तिच्या उशाशी बसली, हाक मारली नाही, नमस्कार नाही, काही नाही. नुसती म्हणाली,

“मायाक्का, नदी समजला मला. फुडं सांग.”

अंगावरचं घोंगडं हललं. मग मायाक्का उठून बसली, चाचपडत हात पुढे केला, आणि सुवाबाईच्या गुडघ्यावर एक सणसणीत चापट मारली.

“कुटं मेली हुतीस गं, मारवाडणी?”

“तुझ्या टेपवालीला इचार.”

“म्या मोजलं. भावं मोजलं म्या. म्हनलं सहा का सात.”

“सात. आता बडबड नको, सांग.”

मी टेप सुरू केला. या वेळी हेडफोन लावले नाहीत. दारात शालन उभी होती, तिच्यामागे बिरू.

थोरला भाऊ नदीवर आला, त्याने हाक मारली. “हूं,” सुवाबाई म्हणाली. आणि बांध फुटावा तशी गोष्ट सुटली. ती नदी लबाड होती. काठावरून कुणी बहिणीला हाक मारली की बहिणीच्या आवाजात तीच ओ द्यायची. भाऊ त्या आवाजाच्या रोखाने पाण्यात उतरायचा, आणि बुडायचा. थोरला गेला. पुढच्या पंचमीला दुसरा. त्याच्या पुढच्या पंचमीला तिसरा. सुवाबाईचा हुंकार दर भावागणिक खोल होत गेला, सहाव्याला तर तो नुसता श्वास उरला. मायाक्काचा फाटलेला आवाज मधेच गाण्यावर गेला:

*नदीबाई नदीबाई, किती गं तुझी खोली*
*सहा भावांची साद, तुझ्या पाण्यात बुडाली.*

“आता राहिला सातवा,” मायाक्का म्हणाली. “आई म्हनली, तुला न्हाई धाडायची. तू तर मुका.”

“हूं,” सुवाबाई म्हणाली, पण तिचा आवाज चिरला. तिने मायाक्काच्या तोंडाकडे बघितलं. मीही बघितलं. हीच गोष्ट का, नागाची का नाही, ते मला त्या क्षणी कळलं. शालनलाही कळलं असावं. ती दारातून आत आली आणि सासूच्या पायाशी बसली.

*सातवा मुका भाऊ, पाय पाण्यात घालितो*
*नदी पुसते कोण गं, कोण न बोलता चालितो?*

“त्यानं हाक मारली न्हाई. मारंल कशी? नदी कान देऊन बसलेली, कुनीतरी बोलंल, मग म्या ओ दीन. कुनी बोललंच न्हाई. तिला कळंना, पान्यात मानूस हाय का वारं हाय. ह्यो आपला गप, पल्याडचं जातं घरघरतंय ते ऐकत ऐकत गेला. निगाला काठावर. भनीच्या दारात उबा ऱ्हायला. हाक कशी मारनार? त्यानं तिचा जात्यावरचा हात धरला.”

“हूं.” ते मी म्हणाले होते. तोंडातून गेल्यावर मला कळलं.

मायाक्काने मान माझ्याकडे वळवली. “ह्ये कोन कण्हतंय?”

“टेपवाली,” सुवाबाई म्हणाली. “शिकायलीय. तू सांग.”

मग बहीण भावाचा हात धरून काठावर आली आणि तिने सहाही भावांना नावं घेऊन बोलावलं. नदीने इतकी वर्षं जो आवाज चोरून वापरला होता, तोच समोर उभा राहिल्यावर तिला खोटी ओ देता येईना. तिने सहा भाऊ परत दिले. आठही जणं पंचमीला घरी आली. आईने चुलीवर पुरण चढवलं.

गोष्ट संपली तेव्हा मायाक्काच्या ओठांच्या कोपऱ्यात रक्ताचा बारीक थेंब आला होता. तिने तो पदराने टिपला.

“बिरू,” ती म्हणाली, “लुगडं घाल रं गाठोड्यात.”

सरांनी ती कॅसेट ऐकली, मध्येच थांबवून विचारलं, “हा दुसरा आवाज कुणाचा?” मी सांगितलं. त्यांनी कार्डावर लिहिलं, ‘अशुद्ध.’ मी वाद घातला नाही. पण पुढच्या महिन्यात मी त्यांच्याकडचं काम सोडलं.

ऑपरेशननंतर बारा दिवसांनी मी मिरजेला गेले. दवाखान्याच्या लांबलचक वॉर्डात, खिडकीजवळच्या खाटेवर मायाक्का उशांना टेकून बसली होती. गळ्याला पांढरी पट्टी, मधोमध नळी, नळीतून श्वासाचा बारीक शिट्टीसारखा आवाज. सुवाबाई खाटेवरच, पाय वर घेऊन बसलेली. नर्सने तिला दोनदा खाली उतरवलं होतं, असं शालनने मला सांगितलं.

मी दारातच थांबले, कारण सुवाबाई गोष्ट सांगत होती. जन्मात पहिल्यांदा. आजवर तिने नुसता हुंकार दिला होता.

“तर तो एक राजा होता. आमच्या नागौरकडचा. त्याची एक सांड होती. सांड म्हणजे उंटीण. तर ती सांड रोज रात्री धोऱ्यावर, वाळूच्या टेकडीवर जायची…”

मायाक्काचा पंजा खाटेच्या लोखंडी दांडीवर पडला. टक्. सुवाबाईने मान डोलावली.

“धोऱ्यावर चांद उतरायचा.” टक्. “सांड चांदाशी बोलायची.” टक्. “मग राजा एक दिवस तिच्या मागं गेला, खेजडीच्या आडून बघायला लागला…”

पंजा हवेतच राहिला.

सुवाबाई वाट बघत राहिली. मायाक्का दुधाळ डोळ्यांनी तिच्या रोखाने बघत होती, नळीतून श्वास येत-जात होता, हात तसाच वर. शेजारच्या खाटेवरची बाईसुद्धा मान वळवून बघू लागली.

“काय? काय नाही समजला? खेजडी?” सुवाबाई म्हणाली. “झाड गं. काट्याचा झाड.”

हात खाली आला नाही.

“तुमच्या माळावर हाय ना, शेरडं खातात तो… बाभळ! बाभळीवानी, पण बाभळ नाही.” तिने कपाळावर हात मारला, पदर सावरला, पाय आणखी वर घेतले. “थांब. मागनं सांगते. एक राजा होता…”